काकांनी लिहून दिलेला कागद

"थांबा, विमानात बसतो," असं म्हणून काका फोनचा फ्लाइट मोड लावायचे आणि मगच कॅल्क्युलेटरचं ॲप उघडायचे. नेट चालू राहिलं की ऐन हिशेबात जाहिरात यायची आणि उत्तरासाठी टेकवलेलं बोट जाऊन पडायचं रमीच्या जाहिरातीवर. सहा फूट उंचीचा, ऑइलने काळ्या झालेल्या हातांचा हा माणूस वागळे इस्टेटमधल्या आमच्या वर्कशॉपमध्ये दिवसातून दहा वेळा असा विमानात बसायचा.

ते लेथ मशीनवर, मी तपासणीच्या टेबलावर. वर्कशॉपचा कॅल्क्युलेटर बिघडला तेव्हा शेठ म्हणाले, "सगळ्यांकडे फोन आहेत की." म्हणजे कामाचं हत्यारही कामगारानेच घरून आणायचं! मी भडकले की काका हसायचे. "आल्या पुढारीणबाई. आधी माप घे, मग क्रांती कर."

ॲपच्या खोड्या त्यांना घरातल्या माणसाच्या खोड्यांसारख्या पाठ होत्या. अपडेट झालं की ते गुपचूप अंश सोडून रेडियनमध्ये जायचं, म्हणून प्रत्येक जॉब, म्हणजे लोखंडाचा तुकडा, कापायला घेण्याआधी ते तीसचा साईन काढून बघायचे. अर्धा आला तरच पुढे. काचेला तडा गेल्यामुळे सात उमटत नसे. सत्तर हवे असतील तर ऐंशी वजा दहा.

एकदा टेपरच्या, म्हणजे निमुळत्या भागाच्या, कोनाचं उत्तर आलं दोन पॉइंट शहाऐंशी. मी ऐटीत म्हणाले, "दोन अंश शहाऐंशी मिनिटं."

"अगं, साठ मिनिटांत अंश पुरा होतो. घरी घड्याळ आहे ना? पॉइंटनंतरचं साठने गुण. बावन्न मिनिटं लाव."

असा माणूस तुम्हीही कुठे ना कुठे पाहिला असेल. त्याच्या जिवावर काम चालतं, आणि तो रजेवर गेल्याशिवाय ते कुणाच्या लक्षात येत नाही. काका तर रजाच घेत नसत.

एक दिवस शेठ म्हणाले, "काका, तुमच्या त्या युक्त्या लिहून द्या. तुम्ही नसलात तर काम अडायला नको."

निम्म्या पगारात ठेकेदाराचा माणूस मिळत होता, हे सगळ्यांना ठाऊक होतं. चहाच्या टपरीवर मी काकांना अडवलं.

"लिहू नका. कागद त्यांच्या हातात पडला की तुम्ही बाहेर."

"कळतं मला."

"मग?"

"मुलीचं नर्सिंगचं एक वर्ष राहिलंय. शेठला सांगितलं. हातपण जोडले." त्यांनी कप खाली ठेवला. चहा तसाच होता. "नाही लिहिलं तर उद्याच काढतील. लिहिलं तर महिना तरी मिळेल. आणि नव्या माणसाचा जॉब फसला, तर त्याच्या पगारातून कापतील गं."

काकांना काढू नये म्हणून सगळ्यांनी फाटकाशी जमायचं, असं पत्रक मी लिहिलं, बावीस प्रती वाटल्या. प्रत्येकाने ती नीट घडी करून खिशात ठेवली. ठरलेल्या वेळी फाटकाशी मी एकटीच उभी होते. तेव्हा मला सगळ्यांची चीड आली होती. आता वाटतं, त्यांच्याही घरी कुणाचं तरी एक वर्ष राहिलेलं असेल.

काकांना महिनाही मिळाला नाही. कागद लिहून दिल्यापासून नवव्या दिवशी शेठने हिशेब हातात ठेवला. मी ठाकुर्लीला त्यांच्या खोलीवर गेले तर कुलूप. शेजारीण म्हणाली, खोली सोडली, कुठे गेले ते सांगितलं नाही. फोन नंबरही बंद.

शेठने तो कागद लॅमिनेट करून लेथजवळ टांगला. ठेकेदाराचा माणूस, दोन मुलांचा बाप, त्यातली ओळ न् ओळ वाचून काम करायचा. परवा तो टांगलेला कागद काढून घेऊन माझ्या टेबलापाशी आला. सगळं करून पाहिलं होतं, तरी कोन ड्रॉइंगशी जुळत नव्हता. शेवटच्या ओळीवर बोट ठेवून त्याने मला वाचून दाखवलं, "एवढे करूनही आकडा पटला नाही तर मशीन चालू करू नये. मला विचारावे."

"मॅडम," तो म्हणाला, "मला म्हणजे कोणाला?"

केबिनमधून शेठ ओरडले, "मशीन बंद का आहे?"

आम्ही दोघंही कागदाकडे बघत उभे होतो.