पणजोबांनी परत पाठवलेला माणूस

दुखानच्या तेलाच्या कॅम्पात मी टायपिस्ट म्हणून लागलो, तेव्हा माझं लग्न होऊन वर्षही झालं नव्हतं. आम्ही रत्नागिरीकडचे, खाडीकाठचे मुसलमान. वडील खाडीवरची तर, म्हणजे उतारूंची होडी, चालवायचे. या काठची माणसं त्या काठाला पोचवायची, हाच घराचा धंदा. मी मराठी शाळेत शिकलो, इंग्रजी टायपिंगची परीक्षा दिली आणि एका नातेवाइकाच्या ओळखीने कतारला आलो. पन्नासचं दशक निम्मं सरलं होतं. दोह्याहून कॅम्पापर्यंतचा रस्ता म्हणजे दगड, वाळू आणि कधीतरी दिसणारा उंट. मनाशी एकच ठरवलं होतं, रडत परत जायचं नाही.

कॅम्पातले बहुतेक साहेब इंग्रज. ड्रिलिंग खात्यात मात्र एक अमेरिकन होते, पन्नाशी ओलांडलेले, बायको वारलेली. बोलणं कमी, आवाज मोठा. एकदा त्यांनी मला विचारलं, "शुक्रवारी दुपारी काय करतोस?"

"नमाज झाली की जेवतो आणि झोपतो."

"झोप कमी कर. मी एक पुस्तक लिहितोय. तू ते टाइप कर, मी तुझं इंग्रजी सुधारीन."

पुस्तक होतं त्यांच्या पणजोबांचं चरित्र. हे पणजोबा एकोणिसाव्या शतकातले, अमेरिकेतल्या एका नदीकाठच्या गावचे. आधी वकील, मग न्यायाधीश, मग त्यांच्या राज्याच्या विधानसभेत सभासद आणि शेवटी पुन्हा न्यायाधीश, तेही वरच्या कोर्टात. मला त्यांच्याशी काही देणंघेणं नव्हतं. मला इंग्रजी हवं होतं. पण पहिल्याच प्रकरणात कळलं, की हा माणूस पोरकेपणी नदीवरच्या तरीवर वल्ही मारायला होता. माझी बोटं थांबली. साहेबांनी विचारलं, "काय झालं?" मी म्हटलं, "काही नाही, माझे वडील तेच करतात."

त्या दिवसापासून मी शुक्रवारची वाट पाहू लागलो.

वल्ही मारणाऱ्या त्या पोराने उतारूंकडून जुनी पुस्तकं मागून आणून कायदा वाचला. घोड्यावरून गावोगाव फिरून वकिली केली. पुढे विधानसभेत गेल्यावर गरिबांच्या मुलांना सरकारी खर्चाने शाळा हवी म्हणून भांडला. माणसाला विकत घेणं हे पाप आहे, असं भर सभेत बोलला. त्याच्याच पक्षाने त्याला वाळीत टाकलं, निवडणुकीत पाडलं. तरी तो हटला नाही. हे सगळं टाइप करताना मला स्फुरण चढायचं. खोलीवर आल्यावर मी माझ्या गाववाल्याला ते सांगायचो. तो स्टोअरमध्ये कामाला होता. तो म्हणायचा, "तुला काय कराचंय त्या अमेरिकनाच्या आज्या-पणज्याशी? झोप की गप."

मग एका शुक्रवारी मला जाणवलं, की मधली काही वर्षं गायब आहेत. वकील असलेला माणूस पहिल्यांदा लहान कोर्टाचा न्यायाधीश होतो, आणि पुढच्याच पानावर एकदम विधानसभेत बसलेला दिसतो. मला वाटलं, मीच एखादा कागद हरवला. टेबलावरचा गठ्ठा चाळला, तर तळाशी साहेबांच्या अक्षरात एक पान होतं. त्यावर आडवी फुली मारलेली.

"साहेब, हे राहिलं."

"ते टाइप करायचं नाही."

पण तोवर माझं वाचून झालं होतं. त्या गावाच्या पलीकडच्या काठावर गुलामी होती, अलीकडे नव्हती. एक माणूस मालकाच्या शेतातून पळून, थंडीत नदी पोहून अलीकडे आला. मालकाचे लोक मागोमाग आले आणि त्यांनी त्याला पकडून कोर्टात उभं केलं. साहेबांच्या पणजोबांनी कायदा पाहिला, कागद तपासले आणि हुकूम दिला, की माणूस मालकाचा आहे, त्याला परत न्या. दुपारपर्यंत तो पलीकडच्या काठावर होता. त्याला बहुधा त्याच तरीतून नेलं असावं, जिच्यावर पणजोबांनी लहानपणी वल्ही मारली होती.

मी विचारलं, "हे का नको?"

साहेब म्हणाले, "कारण तेव्हा कायदाच तसा होता. त्यांच्या हातात काही नव्हतं. आणि पुढे त्यांनी इतकं चांगलं केलं. लोकांनी कशाची आठवण ठेवावी, ते मी ठरवीन."

मी मशीनमध्ये पुढचा कागद घातला. नोकरी त्यांच्या खात्यात होती.

आमच्या कॅम्पात पाइप यार्डच्या फाटकावर एक म्हातारा राखणदार होता. काळा, उंच, मोती काढणाऱ्या बोटींवरून बुड्या मारून कान अधू झालेला. लहानपणी त्याला आफ्रिकेकडून आणून विकलं होतं. कुठून आणलं, ते त्यालाही आठवत नव्हतं. मालकाबरोबर मोती घेऊन तो मुंबईला जाऊन आला होता, म्हणून त्याला आपलं हिंदुस्तानी यायचं. कंपनीत लागला तेव्हाही तो गुलामच होता. पगाराच्या दिवशी मालक दारात येऊन उभा राहायचा आणि त्याचा पगार घेऊन जायचा. मी येण्याच्या काही वर्षं आधी कतारमधली गुलामी शेखांच्या हुकमाने बंद झाली आणि हा मोकळा झाला. मी त्याला चाचा म्हणायचो, तो मला बेटा म्हणायचा. संध्याकाळी त्याच्या टपरीत काळा चहा पिणं हा माझा नेम होता.

त्या संध्याकाळी मला चहा गोड लागेना. समोर बसलेल्या माणसाला पाहून ते फुली मारलेलं पान सारखं डोळ्यांपुढे येत होतं. चाचांना मी काहीच सांगितलं नाही, पण उठताना मनात पक्कं झालं होतं.

पुढच्या शुक्रवारी मी मशीनपुढे बसलो आणि म्हटलं, "साहेब, ते पान घालणार असाल तर मी पुढचं टाइप करतो. नाहीतर दुसरा माणूस बघा."

ते आधी हसले. मग मी हसत नाही हे त्यांच्या लक्षात आलं. "तू माझ्याकडे नोकरीला आहेस, विसरलास?"

"ऑफिसात आहे. शुक्रवारी नाही."

त्यांचा चेहरा लालबुंद झाला. "तुला माझ्या घराण्याबद्दल काय कळतं?"

"तुम्ही सांगितलंत तेवढंच. म्हणूनच म्हणतो. या माणसाला मी मानायला लागलोय. त्याची अर्धीच गोष्ट माझ्या हाताने लिहवत नाही."

"चालता हो," ते म्हणाले.

मी निघालो. बाहेर ऊन असं होतं की डोळे उघडवत नव्हते. खोलीवर जाऊन गाववाल्याला सगळं सांगितलं. गाववाल्याने कपाळावर हात मारला. "अरे, घरी म्हातारा बाप, नवी बायको, आणि तू कुठल्या मेलेल्या गुलामासाठी साहेबाशी भांडतोस?" त्याचं चुकत नव्हतं. ऑफिसात साहेब माझ्याकडे बघेनासे झाले. माझं काम दुसऱ्या टायपिस्टकडे जाऊ लागलं. माझी बदली लांब उम्म सईद बंदराच्या धक्क्यावर होणार, अशी कुजबुज कानावर आली. मी रोज वेळेवर जायचो, मशीन पुसायचो, समोर येईल ते टाइप करायचो. माफी मात्र मागायची नाही, एवढंच रोज सकाळी मनाशी घोकायचो.

असे बरेच दिवस गेले. मग एका संध्याकाळी मी चाचांकडे चहा घेत होतो, तर साहेब चालत फाटकाशी आले. एकटेच. चाचा आधी गुलाम होते, हे कॅम्पात सगळ्यांनाच ठाऊक होतं. मी उठून उभा राहिलो. ते म्हणाले, "बस. मला यांच्याशी बोलायचंय. तू दुभाष्या हो."

चाचांनी त्यांना बसायला खोकं दिलं, चहा दिला. साहेबांनी एक घोट घेतला. मग म्हणाले, "त्यांना विचार, कधी पळून जायचा प्रयत्न केला होता का?"

चाचा म्हणाले, "एकदा. तरणा होतो. एका बोटीत लपून बहरीनला निघालो. अर्ध्या वाटेत नौखुद्याने मला पाहिलं."

"बोटीचा कप्तान," मी साहेबांना सांगितलं.

"त्याने मारलं?"

"नाही, नाही. मोठा भला माणूस. पाणी पाजलं, खजूर दिले, पाठीवरून हात फिरवला. आणि बोट वळवून मला मालकाच्या दारात आणून सोडलं."

साहेबांनी विचारलं, "त्याचा राग येतो?"

चाचा म्हणाले, "तो मेला तेव्हा मी त्याच्या जनाज्याला गेलो होतो. सगळे सांगत होते, त्याने विहीर बांधली, आईबाप नसलेल्या यतीम पोरांना जेवू घातलं. ते खरंच होतं. मी म्हटलं, बोट वळवली तेही सांगा. तर लोक म्हणाले, गप, मेलेल्या माणसाबद्दल असं बोलत नाहीत. राग आला तो त्या लोकांचा."

मी ते जसंच्या तसं इंग्रजीत सांगितलं. साहेबांनी चहा संपवला, चाचांना अरबीत आभाराचं "शुक्रन" म्हणाले आणि मला म्हणाले, "शुक्रवारी ये."

त्या एका पानाचं पुढे पुरतं प्रकरण झालं. साहेबांनी ते किती वेळा लिहिलं आणि फाडलं, देव जाणे. कधी पणजोबांची बाजू फार घ्यायचे, कधी त्यांना फार झोडायचे. मी टाइप करायचो, ते वाचायचे, मान हलवायचे आणि "पुन्हा" म्हणायचे. शेवटी जे उरलं ते अगदी साधं होतं. काय झालं, कोर्टात कोण काय बोललं, हुकूम काय दिला. पुढे विधानसभेतल्या त्या मोठ्या भाषणात पणजोबांनी या खटल्याचा उल्लेख केला नाही, आणि मरेपर्यंत कुठेच केला नाही, हेही लिहिलं. ते वाक्य साहेबांनी स्वतः मशीनवर बसून टाइप केलं. त्यांना दोनच बोटांनी येत होतं. मी मदत करू लागलो तर म्हणाले, "थांब, हे माझं काम आहे."

माझी बदली झाली नाही. साहेबांचा करार संपला आणि ते मायदेशी गेले. मीही एकोणीसशे साठच्या सुमारास कॅम्प सोडून दोह्यात एका व्यापाऱ्याच्या पेढीवर लागलो. नजमा नावाच्या वस्तीत राहायचो, एका खोलीत आम्ही पाच-सहा कोकणातले. तिथे एक दिवस पार्सल आलं. साहेबांच्या गावातल्या एका लहान छापखान्याने पुस्तक छापलं होतं. सोबतच्या चिठ्ठीत लिहिलं होतं, की त्या पानापायी बहिणीने बोलणं टाकलंय, गावातल्या चर्चच्या बायकाही तोंड फिरवतात, पण शाळेच्या वाचनालयाने दोन प्रती ठेवल्यात. खाली एकच ओळ होती, 'तुझं इंग्रजी बिघडू देऊ नकोस.'

चाचा तेव्हा दोह्यातच, एका मशिदीमागे राहायला आले होते. कान जवळजवळ गेले होते. मी पुस्तक घेऊन त्यांच्याकडे गेलो. ते पान काढलं आणि एकेक वाक्य हिंदुस्तानीत करून त्यांच्या कानाशी मोठ्याने सांगितलं. आजूबाजूची पोरं हसायला लागली. चाचांनी त्यांना हाकललं.

सगळं ऐकून झाल्यावर ते म्हणाले, "त्या परत पाठवलेल्या माणसाचं नाव आहे यात?"

"आहे."

"सांग."

मी सांगितलं. त्यांना नीट ऐकू आलं नाही. मी पुन्हा सांगितलं. मग त्यांनी ते स्वतः म्हणून पाहिलं, अरबी वळणाने, भलतंच काहीतरी. मी दुरुस्त केलं. त्यांनी पुन्हा म्हटलं, परत चुकलं. आम्ही दोघं बराच वेळ तेच करत बसलो, ते नाव त्यांच्या तोंडात नीट बसेपर्यंत.