रविवारचा ओव्हरटाइम

आमच्या बजाजनगरात भिंतीला भिंत लागून घरं आहेत. इकडं फोडणी पडली की तिकडच्या घरात ठसका लागतो. इथं कुणाचं काही लपून राहत नाही. तरी ही एक गोष्ट मी आजवर ओठाबाहेर जाऊ दिलेली नाही — नवऱ्याला सांगितली नाही, सख्ख्या बहिणीलाही नाही. मग तुम्हाला का सांगतेय? तुम्ही मला तोंडावर काही बोलणार नाही म्हणून असेल. मी अशीच आहे, सोपं असेल तिथं शूर.

चालण्यापासून सुरुवात करते. मी वाळूजला कंपनीत आहे. गाड्यांमध्ये वायरींचे जुडगे बसवतात ना, ते बांधायचं माझं काम. समोर मोठी फळी, फळीवर खिळे, त्या खिळ्यांभोवतीनं वायरी ओढायच्या आणि टेप गुंडाळायची. दिवसभर उभं राहायचं ते एकाच जागी — स्वयंपाकाच्या ओट्यापुढं असते ना, तेवढीच जागा. हात पळायचे आणि पाय मात्र खुंटाला बांधल्यासारखे. नवरा ट्रकवर, आज नागपूर तर उद्या सुरत. रविवार उजाडला की माझे पाय मला घरात बसू द्यायचे नाहीत.

आणि आई तिकडं पाचोडला रविवारची वाट बघायची. वडील गेल्यापासून एकटीच होती. लोकांच्या शेतात कामाला जायची, रविवारी मात्र घरी थांबायची, मी येईन म्हणून. तासाभराचा तर रस्ता. जात होते मी आधी. मग एका शनिवारी तिचा फोन आला, उद्या येतीस ना — आणि मी म्हटलं, ओव्हरटाइम लागलाय.

लागला नव्हता. मला शहरात जायचं होतं. एकटीनं, पायी, कुठं चाललीस असं कुणी न विचारता. पहिल्यांदा खोटं बोलताना जीभ अडखळली. पुढं पुढं तर मी फोनवर दमल्याचा आवाजसुद्धा काढायला शिकले.

काय होतं एवढं त्या शहरात? — तुम्ही विचाराल. अहो, काय नव्हतं? पाचोडची माणसं 'शहरात चाललो' म्हणतात ती दवाखान्यात, नाहीतर कोर्टात. ते काम उरकून संध्याकाळच्या एसटीनं परत. मी आपली शहागंजला उतरायची आणि ज्या गल्लीत वास चांगला येईल त्या गल्लीत शिरायची. एका भट्टीवर माणसं नानला पिवळं पाणी मारून आतल्या भिंतीला थापत होती, हात भाजत कसा नाही याचंच मला नवल. एक दुकान नुसत्या गुंड्यांचं. गुंड्यांचं! बरण्यांमागं बरण्या, छतापर्यंत. सराफ्यातून बाहेर पडलं की पितळेची ठोकाठोक, तिथून पुढं अत्तराचा घमघमाट, आणि जाफर गेटच्या रविवारच्या बाजारात तर कोंबड्या, कुदळी, जुने पंखे, लग्नातले कोट, सगळं एकाच ओळीत मांडलेलं. मी तोंड उघडं टाकून बघत राहायची. डोक्यावर कुठंतरी जुन्या वेशीचा एखादा दरवाजा यायचा, त्याच्याखालून रिक्षा जायच्या, आणि मला वाटायचं, एवढं सगळं इतकी वर्षं इथंच होतं आणि मला कुणी सांगितलंसुद्धा नाही? कितीतरी रविवार मी फिरले. कुणाशी एक शब्द बोलले नाही. त्यातच सुख होतं.

पण हे तर मी फिरण्याचं कौतुकच सांगत बसले. चुकवतेय का मी? हो, चुकवतेय.

एकदा आईनंच फोन केला. म्हणाली, ह्या रविवारी मीच येते तुझ्याकडं. कधी नव्हे ती लाजत बोलत होती. म्हणाली, मला तो बाजार दाव की एकदा. सगळे म्हणतात लई मोठा हाय. मी काय म्हटलं असेल? ओव्हरटाइम आहे गं आई, पुढं कधीतरी जाऊ. ती म्हणाली, बरं बरं, काम आधी. तिला 'ये' म्हटलं असतं तर माझा रविवार गेला असता. एवढ्यासाठी. दुसरं काहीही कारण नव्हतं.

त्या रविवारी मी शहागंजला घड्याळाच्या टॉवरपाशी पेरू घेत होते. मान वर केली, तर समोर आई.

लग्नाकार्यात नेसायची ती निळी साडी, डोक्यावर पदर, काखेत नायलॉनची पिशवी. मान मागं टाकून टॉवरकडं बघत होती. मी पेरू तिथंच टाकले आणि बाजूच्या दुकानाबाहेर टांगलेल्या बुरख्यांच्या मागं जाऊन उभी राहिले. पहिला विचार काय आला सांगू? आई इथं कशी, एकटी कशी आली, जेवली का — यातलं काही नाही. पहिला विचार हा, की आता मी पकडले जाणार.

तिनं मला पाहिलं नाही. ती चालायला लागली आणि मी तिच्या मागं.

इथून पुढचं मला आजही नीट सांगता येत नाही, कारण ते इतकं सुंदर होतं. माझी आई — जिला मी बांधावर वाकलेलीच पाहिली होती — ती त्या गर्दीतून एखाद्या पाहुणीसारखी चालली होती. मी इतके रविवार तोंड शिवून फिरले, आणि ती दिसेल त्याच्याशी बोलत होती. अत्तरवाल्याला तिनं काय विचारलं कोण जाणे, त्यानं तिच्या हाताच्या पाठीवर एक थेंब लावला. मग सिटी चौकापासून गुलमंडीपर्यंत ती थोडं चालायची आणि हात हुंगायची, थोडं चालायची आणि हात हुंगायची. साड्यांच्या एका मोठ्या दुकानाच्या पायरीशी तिनं चप्पल काढली, आत गेली नाही, तिथूनच सगळं डोळे भरून बघितलं आणि चप्पल घालून पुढं निघाली. तोंडावर हसू. मला रडू येत होतं आणि माझी मान ताठ होत होती, दोन्ही एकदम. हे सगळं मी तिला दाखवायचं होतं ना? आणि तीच मला दाखवत होती. तिला माहीत नव्हतं एवढंच.

पैठण गेटला ती थांबली. कपडेवाल्या एका पोराला विचारलं, ह्यो आमच्या पैठणचा दरवाजा व्हय? तो हो म्हणाला. तिनं दरवाजाच्या रस्त्याकडेच्या दगडावर अख्खा तळवा ठेवला आणि तशीच उभी राहिली. आमच्या तालुक्याच्या नावाचा दरवाजा एवढ्या मोठ्या शहराला आहे, हे तिला तेव्हा कळत होतं. मी किती वेळा तिथून गेले असेन. मला कधी सुचलं नाही.

आणि मग तिला रस्ता ओलांडायचा होता.

रविवारची संध्याकाळ, पैठण गेट — तुम्हाला माहीत असेल तर जास्त सांगायला नको. तिनं एक पाय खाली टाकला, मागं घेतला. परत टाकला. एक रिक्षा इतक्या जवळून गेली की ती गर्रकन फिरली, आणि तिची एक चप्पल रस्त्यातच राहिली. ती मागं सरकली आणि विजेच्या खांबाला तिनं दोन्ही हातांनी मिठी मारली. एक पाय अनवाणी. सगळं हसू गेलं होतं. ओठ हलत होते, कुणाला तरी हाक मारावी तसे.

मी हाक मारली तर ऐकू जाईल इतकी जवळ होते. मी गेले नाही.

काय झालं असतं? आई रागावली नसती. नुसतं म्हणाली असती, अगं, तुला सुट्टी होती व्हय? एवढंच. त्या एवढ्या वाक्याला मी भ्याले. आईच्या अंगावर गाडी आली तरी चालेल, पण ते वाक्य नको — असंच झालं ना ते? मी लई वेळा मनात उलटून पालटून बघितलंय. असंच झालं.

शेवटी एक बुरखेवाली बाई आली. तिच्या हातात नवाकोरा लांब दांड्याचा झारा होता. तिनं आईला विचारलं, आणि आई जे बोलली ते मला स्पष्ट ऐकू आलं.

"माझी लेक हाय इथं. कंपनीत. तिला सुट्टी नाय मिळाली, नायतर तिनंच हात धरला असता."

"तो क्या हुआ अम्मा, मैं बी बेटीच हूं. हात पकडो."

आणि त्या बाईनं झारा वर केला, ट्रॅफिक पोलिसासारखा, आणि सगळ्या गाड्या खरंच थांबल्या. मधे वाकून आईची चप्पलसुद्धा उचलून दिली. पलीकडं गेल्यावर आईला स्टँडच्या रिक्षात बसवून दिलं. मी अलीकडंच उभी होते.

पुढच्या वेळी गावी गेले तेव्हा आईनं माझ्या हातात अत्तराची बाटली ठेवली. वाळ्याचं. म्हणाली, तू कुठं बाजार बघतीस बाई, लाईनवर घाम येत असंल, लावत जा. मी घेतली. तेव्हा तरी सांगायचं? नाही सांगितलं.

नंतर तिचे गुडघे गेले आणि मी तिला बजाजनगरला आणलं. आता ती दारापर्यंत जाते, तेवढंच. शहर तिला मी दाखवलंच नाही. पण त्या एका दिवसाची गोष्ट ती सगळ्या गल्लीला सांगायची. अत्तर, साड्यांचं दुकान, पैठणचा दरवाजा आणि झारेवाली. "सगळं येकटीनं फिरले, लेकीला सुट्टी नव्हती तरी" — हे वाक्य तर ठरलेलं. खांबाचं आणि चपलेचं मात्र कधीच सांगायची नाही. तिच्या गोष्टीत भीती नव्हतीच. मी बाजूला बसून ऐकायची आणि स्वतःला समजवायची, की तिचा हा अभिमान मोडू नये म्हणून मी गप्प आहे. खोटं. मी माझ्यासाठी गप्प होते.

मागच्या हिवाळ्यात शेजारच्या शोभाताई आल्या होत्या, आम्ही तिघी मेथी निवडत होतो. आईची गोष्ट रंगात आलेली. शोभाताईंनी विचारलं, मावशी, रस्त्यात भ्या नाय वाटलं? आई म्हणाली, भ्या कसलं, झपकन पार झाले. आणि मी, हसत, चेष्टेनं —

"झपकन कुठं गं आई? खांबाला मिठी मारून उभी होतीस की, एक चप्पल पायात अन् एक रस्त्यात."

शोभाताई खूप हसल्या. आईचा हात मेथीत तसाच राहिला. तिनं माझ्याकडं पाहिलं. मी खाली मान घालून काड्या मोडत राहिले. मग ती म्हणाली, निवडा लौकर, सुकती मेथी.

त्यानंतर आईनं ती गोष्ट कुणालाच सांगितली नाही. शोभाताईंनी एकदा नव्या शेजारणीसाठी मुद्दाम आग्रह केला, मावशी, ती झारेवालीची सांगा ना. आई म्हणाली, "इसरले बाई. लई दिस झाले." विसरलेली नाही. तिच्याजवळ ती एकच तर गोष्ट होती, आणि तीही मी घेतली. त्यावरसुद्धा मी तिच्याशी काही बोलले नाही.

परवाच्या रविवारी कंपनीत खरोखरचा ओव्हरटाइम लागला. मी युनिफॉर्म घातला, गळ्यात आयकार्ड अडकवलं आणि दारात बसलेल्या आईला सांगितलं, आज ओव्हरटाइम आहे. तिनं आत सरकून मला वाट दिली. माझ्या चपला पायानं माझ्याकडं लोटल्या.

"जा," ती म्हणाली. "ऊन लई हाय. सावलीनं फीर."

कंपनीची बस कोपऱ्यावर येऊन थांबली होती. मी जाऊन बसले.