लागोसचा राहून गेलेला निरोप

भिंगारच्या दयाबाई कृपादान सत्तरीच्या झाल्या तरी एका जागी टिकत नसत. त्यात भावाची मुलगी क्रिस्टीना औषध कंपनीच्या कामासाठी नायजेरियात लागोसला गेली, आणि त्यांचं जेवणातही लक्ष लागेना. इंग्रजांनी ते शहर सोडल्यावर वीस वर्षांनी दयाबाई तिथे गणित शिकवायला गेल्या होत्या. ब्राझीलच्या गुलामीतून सुटून परतलेल्या लोकांनी बांधलेल्या एका जुन्या घरात, अबिके नावाच्या बाईकडे त्या पाच वर्षं राहिल्या. मग इकडे नवरा, नोहा, आजारी पडला. अबिके परगावी असतानाच दयाबाईंना निघावं लागलं.

शनिवारी दुपारी क्रिस्टीना ते घर शोधायला गेली, तेव्हा त्यांनी तिला व्हिडिओ कॉल लावला.

“चर्चकडे पाठ कर. आता डावीकडे. नक्षीचा सज्जा दिसतो का गं?”

“आत्या, इथे पाच मजली मार्केट आहे. सगळी मोबाईलची दुकानं.”

“नीट बघ ना! आणि समुद्रकिनारा?”

“तिथे भर घालून टॉवर उभे केलेत. कालच पाहिले.”

“तुला काही सापडायचं नाही!” दयाबाई ओरडल्या आणि फोन बंद केला. मग स्वतःचीच लाज वाटली. पिशवी घेऊन बाजारात गेल्या, काय आणायचं तेच आठवेना, तशाच परतल्या.

संध्याकाळी क्रिस्टीनाने एक नंबर पाठवला. मार्केटशेजारच्या कापडवालीने दिलेला, अबिकेच्या मुलाचा, तुंडेचा. दयाबाईंनी घरात येरझाऱ्या घालतच तो लावला.

“आई अकरा वर्षांपूर्वी गेली,” तुंडे इंग्रजीत म्हणाला. “तुम्ही गणिताच्या टीचर ना? आई परतली तर खोली रिकामी. तुम्हाला कुणी पळवून नेलं म्हणून ती पोलिसांत गेली होती.”

दयाबाई थबकल्या. “मी पत्र लिहिलं होतं.”

“ते नाही पोचलं.”

“आणि घर?”

“आम्हीच पाडलं. फार गळायचं.”

त्याच्यावर रागवावं असं त्यांना वाटलं, पण त्या पुन्हा येरझाऱ्या घालू लागल्या.

“माझी बहीण अजून म्हणते, टीचरला चोरांनी नेलं,” तुंडे म्हणाला. “इथेच बसलीय. तिला फोन देऊ?”

“द्या,” दयाबाई म्हणाल्या, आणि गंजलेल्या इंग्रजीत नोहाच्या आजारापासून सगळं सांगू लागल्या.