मुठीतला दगड

धडगावच्या कचेरीतून शनिवारी घरी परतताना मी इतकी दमलेली असते, की जीपमध्ये शेजारी कोण बसलंय हेही बघत नाही. त्या दिवशी बघितलं, कारण शेजारचा म्हातारा उजवी मूठ काही केल्या उघडत नव्हता. टोपी सावरली डाव्या हाताने, पाण्याची बाटली उघडली दातांनी.

"बाबा, मुठमा काय शे?"

"नदीना दगड शे, माय. आमना कुळनी रीत शे. सकायपासून धरी ठेवाना. हात कोनता नि दगड कोनता, हाई समजाव नही, तवय मन्हा 'मी' तेन्हामा उतरी जास. मंग न देखता तापीमा टाकी देवाना."

"नि मंग?"

"संध्याकायले परत येस तो 'मी'," म्हातारा थकल्यासारखा हसला. "पन तवलोंग पाठ हलकी ऱ्हास."

घाट उतरताना त्याला डुलकी लागली. मूठ सैल झाली आणि दगड माझ्या पायाशी पडला. मी उचलला, तो कोमट होता. वर पाहते तर मूठ पुन्हा मिटलेली. जाग आल्यावर ती मूठ त्याने इतकी जपून छातीशी धरली, की मला सांगवलं नाही.

तापीकाठच्या प्रकाशा गावी तो उतरला. जीप थांबली होती तोवर मला दिसत होता. नदीकडे तोंड करून, डोळे मिटून त्याने रिकामी मूठ भिरकावली. मग त्याची पाठ खरंच सरळ झाली.

दगड अजून माझ्या पर्समध्ये आहे. दर शनिवारी तापीचा पूल आला, की टाकायचा म्हणून मी तो हातात घेते. पूल मागे पडतो, आणि मूठ मिटलेलीच राहते.