गेटपर्यंतचा बंदोबस्त

मोशीच्या थांब्यावर तो आमच्या कंपनीच्या बसमध्ये चढायचा, तेव्हा त्याच्यामागून गणवेशातला एक पोलीसही चढायचा. तो वेल्डिंगला आणि मी हिशेबाच्या विभागात. त्याचं नाव मी कधी विचारलं नाही. खिडकी मोकळी असली तरी तो आतल्या बाजूलाच बसायचा. मोबाइल वाजला, की आधी पोलिसाकडे बघायचा.

एकदा शेजारी जागा मिळाली, म्हणून मी पोलिसाबद्दल विचारलं. बायकोच्या ऑपरेशनसाठी त्यानं सावकाराकडून महिना दहा टक्क्यांनी पैसे घेतले होते. सगळे फेडले, तरी 'हातपाय मोडू' अशा धमक्या थांबेनात. शेवटी त्यानं कोर्टात अर्ज केला आणि कोर्टानं पोलीस संरक्षण द्यायला लावलं.

"मग आता निवांत ना?" मी म्हणालो.

"गेटपर्यंत, साहेब."

"म्हणजे?"

"पोलिसाला आत सोडत नाहीत. आणि आपल्या कंपनीला लेबर कोण पुरवतं? तोच सावकार की!"

त्या ठेकेदाराचं बिल दर महिन्याला माझ्याच टेबलावरून जायचं. त्यात एका रुपयाची चूक कधी सापडली नव्हती.

चाकणला बस थांबली. पोलीस गेटबाहेरच्या बाकावर जाऊन बसला. आत ठेकेदाराचा सुपरवायझर उभाच होता. त्यानं याच्या खांद्यावर हात टाकला.

"काय भावा, पाहुणे बाहेरच बसवले का?"

तो हसला आणि निमूट त्याच्याबरोबर चालू लागला.

खांद्यावरचा तो हात मी रोज बघत होतो. मला ते दोघे मित्र वाटायचे.