शेजारच्या सीटवरचे काका

सेफ्टीकाकांच्या गाडीत चालकाच्या पायाखालचं मॅट नव्यासारखं होतं, आणि शेजारच्या सीटपुढच्या मॅटला मात्र भोक पडलं होतं. काका स्वतः गाडी फारशी चालवतच नसत. ते शेजारी बसून आखातातल्या आमच्या अहमदी गावातल्या निम्म्या मराठी बायकांना ड्रायव्हिंग शिकवत, आणि शिकवताना उजव्या पायाने नसलेला ब्रेक जिवाच्या आकांताने दाबत.

नोकरी तेल कंपनीच्या सेफ्टी विभागात. तिथे लेखी परमिट असल्याशिवाय कुणी साधा बोल्टही सैल करायचा नाही. शिकाऊ लायसन्सकडेही काका त्याच नजरेने बघत. "परमिट तुझ्या नावावर असलं, तरी जबाबदारी माझी," ते म्हणत. "शिकणारा चुकणारच. नियम असतात ते शेजारच्यासाठी."

असे अकरा नियम त्यांनी निळ्या शाईत लिहून डॅशबोर्डवर चिकटवले होते. शेजारच्याने पूर्ण जागं असावं. सासर, माहेर आणि सुट्टीची तिकिटं या विषयांवर बोलू नये. शिकणाऱ्यावर ओरडू नये. ओरडावंसं वाटलं तर खोकावं. नवऱ्याने शेजारी बसूच नये.

हा शेवटचा नियम किती खरा होता, ते मला माहीत आहे. लांबच्या खैतान भागातल्या एका भारतीय शाळेत मला गणिताची नोकरी मिळत होती. उन्हाळ्याची सुट्टी संपेपर्यंत जागा ठेवतो, पण येण्याजाण्याची सोय तुमची तुम्ही करा, असं मुख्याध्यापिकांनी सांगितलं होतं. माझ्या नवऱ्याची, सतीशची, शिफ्ट ड्यूटी, त्यामुळे लायसन्स काढणं भाग होतं. पहिले तीन दिवस त्यानेच शिकवलं. चौथ्या दिवशी आम्ही दोघं बंद गाडीत अर्धा तास अबोल बसून राहिलो. मग त्याने स्वतःच काकांना फोन लावला. गणपतीच्या कार्यक्रमात काकांच्या नियमांची टिंगल करणारे सगळे नवरे शेवटी हेच करत.

काका खरोखरच कधी ओरडले नाहीत. पण खोकायचे असे, की माझ्या दोन्ही हातांना घाम फुटे. बारीक खोकला म्हणजे आरसा बघ. मोठा म्हणजे लेन सोडू नकोस. राउंडअबाऊटवर त्यांना उबळच येई. धड्याच्या आधी चहासुद्धा घेत नसत. "मी ड्यूटीवर आहे, मेधा," म्हणत. शाबासकी द्यायचीही त्यांना सवय नव्हती. धडा नीट झाला की "आज रिपोर्टमध्ये लिहिण्यासारखं काही नाही" एवढंच ऐकायला मिळे.

एका शुक्रवारी सकाळी टायर बघायला आम्ही राई भागातल्या एका गॅरेजमध्ये गेलो होतो. परतताना हायवेवर काका खोकले. मी आरसा बघितला. पुन्हा खोकले, तेव्हा वेग कमी केला. तिसऱ्यांदा खोकले, तेव्हा विचारलं, "काका, काय चुकलं?"

"तुझं काही नाही," ते म्हणाले. "बाजूला घे."

गाडी थांबवून बघते तो त्यांचा शर्ट घामाने भिजलेला आणि हात छातीवर. तशाही अवस्थेत ते दार उघडून चालकाच्या बाजूला यायला निघाले होते. मी त्यांचा दंड धरून त्यांना बसवलं.

"आता तुला चालवता येणार नाही," ते म्हणाले. "शेजारी सक्षम माणूस नाही."

"मग कोण चालवणार, काका?"

त्यांनी खरोखर विचार केला. "मी सक्षम आहे असं धरून चाल," ते म्हणाले.

मी निघाले. रस्त्यापेक्षा त्यांच्या श्वासाकडे माझं जास्त लक्ष होतं. ते हलक्या आवाजात "आरसा... इंडिकेटर..." म्हणत होते. आवाज थांबला की मी "काका, जागे राहा, नियम आहे" म्हणायची, आणि ते निमूटपणे डोळे उघडायचे. हॉस्पिटलच्या दारातल्या पोलिसाने माझं लायसन्स मागितलं, तेव्हा स्ट्रेचरवरच्या काकांनी खिशातून स्वतःचं काढून पुढे केलं. "सुपरवायझर मी आहे," त्यांनी इंग्रजीत सांगितलं. पोलिसाने एकदा त्यांच्याकडे, एकदा माझ्याकडे बघितलं आणि गाडी हलवायला सांगितली.

हार्ट अटॅकच होता, पण वेळेवर पोचलो. तिसऱ्या दिवशी काकांनी वॉर्डात कागद मागवून स्वतःविरुद्ध रिपोर्ट लिहिला. दोषी कोण, तर सुपरवायझर; कारण, सकाळपासून दुखत असूनही ड्यूटीवर हजर. साक्षीदार म्हणून माझी सही घेतली. मग बारावा नियम लिहिला, की शेजारच्याचं हृदय धड असावं, आणि त्या दिवसापासून कुणाही शिकणाऱ्याच्या शेजारी बसणं बंद केलं.

मी दुसऱ्या प्रयत्नात पास झाले. शाळा सुरू झाली त्या आठवड्यात रुजूही झाले.

दोन वर्षांनी काका निवृत्त होऊन नाशिकला निघाले. विमानतळावर सोडायला मीच गेले. काकू सामानासोबत मागे, काका माझ्या शेजारी. अहमदीपासून विमानतळापर्यंत ते एकदाही खोकले नाहीत. मला वाटलं, छातीत पुन्हा काही होतंय की काय.

ट्रॉलीवर बॅगा चढवताना मी विचारलं, "काका, आज काहीच बोलला नाहीत. किती चुका झाल्या?"

"काही कल्पना नाही," ते जरा ओशाळून म्हणाले. "मी खिडकीबाहेर बघत होतो. अठरा वर्षं या रस्त्याने येतोय. दोन्ही बाजूंना इतकी झाडं आहेत, हे मला आज कळलं."