चंद्राबाईंचा आवाज

चंद्राबाईंचं तोंड कधी बंद नसे. टांग्याच्या घोड्याशी, तव्यावरच्या भाकरीशी, समोर कुणी नसलं तर आरशाशी, त्या अखंड बोलत. लग्नाआधी नांदेडला मी त्यांची नाटकं पाहिली ती बांबूच्या चिकाच्या पडद्याआडून. निजामी अमलात आम्हा बायकांची जागा तिथेच. मध्यंतरात त्या राणीच्या वेषातच चिकामागे येत आणि आमच्यात फतकल मारून बसत. "पुढचे हाकीम लोक नुसतं पान चघळून राहिलेत. मी तुमच्यासाठी बोलते, बायांनो. आवाज चिकापलीकडं गेला तर नाटक, न्हाई तर नुसतं नटणं-मुरडणं," म्हणत. आणि आवाज तर असा, की रडकी तान्ही पोरंसुद्धा ऐकत बसत.

लातूरला सून म्हणून आले तेव्हा कळलं, या चंद्राबाई माझ्या सासूबाईंच्या, म्हणजे आमच्या आत्याबाईंच्या, सख्ख्या धाकट्या बहीण. घरात त्यांचं नाव काढायची चोरी होती. नाटकात गेली ती आम्हाला मेली, असं सासऱ्यांनी ठरवून टाकलं होतं.

पुढे चंद्राबाई मुंबईला जाऊन मूकपटांत नाव काढून बसल्या. "तिथं बोलायचं न्हाई म्हणे, नुसते डोळे फिरवायचे. जीव गुदमरतो माझा," असं नांदेडला आल्या की सांगत, हे मला आईकडून कळलं.

मग त्यांचं चित्र लातुरात तंबूत आलं. तोवर सासरे वारले होते आणि आत्याबाईंची दृष्टी गेली होती. "मला ने गं," त्या म्हणाल्या. "दिसंना का, आवाज तर ऐकीन."

चित्र बोलत नाही, हे मी परोपरीने सांगितलं. "चंद्री बोलल्याबगर ऱ्हाईल व्हय?" म्हणत त्या उठल्याच.

तंबूत बायकांच्या कनातीआड बसलो. दिवे मालवायच्या बेतात असताना एक बाई येऊन आत्याबाईंच्या पलीकडे बसली. तिचा पदर सरकला आणि मी ओळखलं. चंद्राबाई! त्यांनी घाईघाईने ओठांवर बोट ठेवलं.

पडद्यावर चंद्राबाई हात पसरून रडत होत्या आणि गोष्ट समजावून सांगणारा माणूस काठी आपटत दखनीत ओरडत होता.

"हे कोन बाप्या वरडायलाय?" आत्याबाई वैतागल्या. "चंद्री कवा बोलती?"

"चित्र बोलत न्हाई, आत्याबाई."

"एक शब्द तरी बोल म्हन की तिला."

मी चंद्राबाईंचा हात धरून ओढला. एवढी बोलकी बाई, पण पदराचा बोळा तोंडात कोंबून नुसती गदगदत राहिली. शेजारी बहीण कान देऊन बसलेली. दोघींना धरून हलवावं असं मला वाटत होतं.

बाहेर मी त्यांना गाठलं. "मावशी, का बोलला न्हाईत?"

"घर सोडलं तवा अक्कानं शपथ घातली. माझ्याशी बोललीस तर माझं मेलेलं तोंड बघशील, म्हणाली. मी बोलले अन् तिला काही झालं तर?" एवढं बोलून त्या टांग्यात बसून निघूनही गेल्या.

घरी आत्याबाईंना सांगितलं, तेव्हा त्यांनी कपाळावर हात मारून घेतला. "अगं, रागाच्या भरात बोलले आसंन. सुटली! शपथ सुटली!" भिंतीकडे तोंड करून कितीतरी वेळ त्या तेच म्हणत राहिल्या. मी काय करणार? जिच्या कानी ते पडायला हवं ती चित्राच्या तंबूबरोबर हिंडत कुठल्या गावी मुक्कामाला आहे, कुणाला ठाऊक नव्हतं. निलंग्याच्या, मुखेडच्या बाजाराला जाणाऱ्या प्रत्येकाजवळ मी निरोप दिला.

निरोप पोचला आणि चंद्राबाई आल्या, तेव्हा आत्याबाईंना अंगणात आणून ठेवलं होतं. तापाने त्या गेल्या होत्या. चंद्राबाई उशाशी बसल्या. मी म्हटलं, "मावशी, शपथ सोडली होती त्यांनी. स्वतःच्या तोंडानं."

"मग आता बोलू का गं?" त्यांनी मला विचारलं.

मी मान डोलावली. "अक्का," त्या म्हणाल्या. पुढे काय बोलावं ते त्यांना सुचेना. त्या माझ्या तोंडाकडे बघत राहिल्या.